ताईचं गर्भपिशवीच्या तोंडाच्या कॅन्सरचं ऑपरेशन, मिरज – दुर्बिणीला नाही म्हणणाऱ्या मॅडमचा रिव्ह्यू

ऑपरेशनला सव्वा वर्ष झालं, परवाची तपासणी पण क्लिअर आली, म्हणून आता लिहायला बसले. त्यावेळी मी रात्र रात्र नेटवर शोधत होते आणि मराठीत कुणाचा एक धड अनुभव सापडत नव्हता, जे होतं ते सगळं जाहिरातीसारखं, बिनटाक्याचं, बिनडागाचं, तिसऱ्या दिवशी घरी. हॉस्पिटलचं नाव लिहीत नाही कारण ताईला गावात कळायला नकोय, मिरजेतलं आहे एवढंच सांगते. रेटिंग द्यायचं तर डॉक्टर आणि ऑपरेशनला पाचपैकी पाच, वॉर्डच्या सिस्टरांना पाच आणि ऑफिसला दोन, ते पण तिथल्या एका आरोग्यमित्रामुळं (सरकारी योजनेच्या कागदपत्रांना मदत करणारा माणूस).

ताई माझी मोठी बहीण, ४४ वर्षांची, तासगावकडं द्राक्षबाग आहे त्यांची. आठ महिने तिला संबंधानंतर रक्त दिसत होतं, मधेच अंगावरनं पाणी जायचं, वास यायचा. कुणाला बोलली नाही. पाळी जायचं वय झालंय, उष्णता झाली असेल म्हणून सब्जाचं पाणी पीत बसली. एकदा तालुक्याला सोनोग्राफी केली ती नॉर्मल आली आणि मग सगळेच निवांत झालो, मीसुद्धा. हे मुद्दाम लिहितेय, सोनोग्राफी नॉर्मल आली म्हणजे पिशवीचं तोंड नॉर्मल आहे असं नसतं, ते डॉक्टरांनी आतनं डोळ्यांनी बघावं लागतं आणि शंका आली तर तुकडा काढून तपासायला पाठवावा लागतो. ताईला आतनं पहिल्यांदा तपासलं तेच मुळी जुलैत, सांगलीत माझ्याकडं आली होती तेव्हा मी ओढून नेलं म्हणून, आणि त्या डॉक्टर बाईंनी बघितल्या बघितल्या तुकडा घेतला. आठ दिवसांनी रिपोर्ट, स्क्वॅमस सेल कार्सिनोमा, म्हणजे कॅन्सरच.

रिपोर्ट घेऊन आम्ही आधी मिरजेला गेलोच नव्हतो. जिल्ह्याबाहेरच्या एका मोठ्या हॉस्पिटलात गेलो, खाली एसी, वर एसी, दाजींना चहा विचारला. तिथं अर्ध्या तासात सगळं ठरलं, दुर्बिणीतनं करायचं, पोटावर चार छोटी भोकं, रक्त जात नाही, तिसऱ्या दिवशी घरी, आठवड्यात रानात पण जाल. पॅकेजचा कागद हातात दिला. खरं सांगते आम्हाला ते इतकं पटलं होतं की दाजी ॲडव्हान्स भरायला खिडकीपाशी गेले होते, कार्ड चालेना म्हणून राहिलं. माझी तक्रार दुर्बिणीवर नाही, पोटावर चीर देऊन करायचा दुसरा प्रकार असतो आणि या कॅन्सरमध्ये दोन्हीचे निकाल सारखे नाहीत, हे वाक्य तिथं एकाही माणसाच्या तोंडातनं निघालं नाही. त्याचा राग मला अजून आहे.

मिरजेला गेलो ते शाळेतल्या एका सहकारी बाईंमुळं (मी हायस्कूलला सायन्स शिकवते). त्या म्हणाल्या एवढी मोठी गोष्ट आहे, एका डॉक्टरवर ठरवू नका, अजून एकांचं मत घ्या.

ओपीडीला साडेतीन तास बसलो. बाकड्यावर निम्मे पेशंट कन्नड बोलणारे, अथणी चिकोडी रायबागकडनं पहाटेच निघून आलेले. शेजारच्या आजींनी ताईला विचारलं कसला कॅन्सर, ताई म्हणाली तोंडाचा, म्हणजे तिला पिशवीच्या तोंडाचा म्हणायचं होतं पण लाजून तेवढंच म्हणाली, तर आजी म्हणाल्या, "अगं मग तंबाखू खात होतीस काय?" ताई रडायलाच लागली. या आजाराचं नाव घेता येत नाही हीच आपल्याकडं पहिली अडचण आहे.

सर्जन मॅडमनी मात्र आत गेल्यावर चाळीस मिनिटं दिली, बाहेर एवढी गर्दी असताना. आधी एमआरआय करून आणा म्हणाल्या, तो बघितल्याशिवाय ऑपरेशनबद्दल एक शब्द बोलणार नाही. एमआरआयमध्ये गाठ २.६ सेंमी, पिशवीच्या तोंडापुरतीच, बाजूला पसरलेली नाही, म्हणजे स्टेज एक बी टू. २०१८ च्या स्टेजिंगमध्ये दोन सेंमीच्या खाली एक बी वन, दोन ते चार एक बी टू आणि चारच्या वर एक बी थ्री, आणि चारच्या वर गेलं की सहसा ऑपरेशनऐवजी शेक (रेडिएशन) आणि केमोकडं वळतात, असं त्यांनी ओपीडीच्या कागदामागं गोल काढून सांगितलं. ताईच्या टप्प्याला शेक देऊन पण बरं होण्याचं प्रमाण ऑपरेशनइतकंच आहे हेही सांगितलं, लपवलं नाही. पण पाचेक आठवडे बाहेरनं शेक, मग आतनं शेक, आणि त्यात अंडाशय निकामी होऊन त्यांचे हार्मोन एकदम बंद होतात, ४४ व्या वर्षी अंडाशय वाचवता आले तर हाडांना आणि हृदयाला बरं, म्हणून त्यांचा कल ऑपरेशनकडं होता.

मग मी म्हटलं, "मॅडम दुर्बिणीतनं करा ना, लवकर उठेल ती."

त्या म्हणाल्या, "ताई, पित्ताशय असतं, साधी गाठ असती, तर मीच दुर्बीण म्हटलं असतं. पिशवीच्या आतल्या अस्तराचा कॅन्सर असता तरी बहुतेक दुर्बिणीतनंच केलं असतं. पिशवीच्या तोंडाच्या कॅन्सरला आता मी दुर्बीण लावत नाही. २०१८ च्या आधी लावत होते."

हे शेवटचं वाक्य ऐकलं आणि माझा विश्वास बसला. स्वतः करत असलेली गोष्ट आपण का सोडली हे पेशंटला तोंडावर सांगणारे डॉक्टर मी तरी पहिल्यांदाच बघितले.

२०१८ ला काय झालं ते त्यांनी थोडक्यात सांगितलं आणि नाव लिहून दिलं, मग मी घरी येऊन वाचलं, रात्री दोनपर्यंत. एलएसीसी नावाची चाचणी होती, तेव्हा ह्यूस्टनच्या एमडी अँडरसन कॅन्सर सेंटरला असलेले डॉ. पेड्रो रामिरेझ प्रमुख, न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिनमध्ये छापून आली. जगभरातली ३३ हॉस्पिटलं, सुरुवातीच्या टप्प्यातल्या ६३१ बायका, चिठ्ठी टाकल्यासारखं दोन गट केले, ३१९ जणींचं दुर्बिणीतनं किंवा रोबोनं आणि ३१२ जणींचं पोट उघडून. सगळ्यांना वाटत होतं दोन्हीचा निकाल सारखाच येणार. आला उलटा. साडेचार वर्षांनी आजार परत न येता जगणाऱ्या बायका उघड्या ऑपरेशनच्या गटात ९६.५ टक्के आणि दुर्बिणीच्या गटात ८६ टक्के. दुर्बिणीच्या गटात १९ बायका गेल्या, दुसऱ्या गटात ३. फरक एवढा दिसला की ठरलेला आकडा पुरा व्हायच्या आधीच नवीन पेशंट घेणं थांबवलं. मी ते १९ आणि ३ कितीतरी वेळ बघत होते, आणि दाजींचं कार्ड त्या दिवशी चाललं असतं तर, हाच विचार.

रोबोचं पण विचारलं मी, कारण आम्हाला एकांनी पुण्याला रोबोनं करा सांगितलं होतं. मॅडम म्हणाल्या त्या दुर्बिणीच्या गटात रोबोवाल्या बायका पण होत्या, साधारण सहातली एक, त्यामुळं मशीन भारीतलं आहे म्हणून या आजारात ते सुरक्षित ठरत नाही.

असं का होतं त्याचं नक्की कारण अजून सिद्ध झालेलं नाही पण संशय दोन-तीन गोष्टींवर आहे. दुर्बिणीच्या ऑपरेशनमध्ये पिशवी हलवायला खालनं एक दांडा घालतात तो थेट गाठीतनंच जातो, पोट फुगवायला कार्बन डायऑक्साइड भरतात, आणि शेवटी योनीचा वरचा भाग गॅस भरलेल्या पोटात कापताना गाठ उघडी पडून तिच्या पेशी पोटात सांडू शकतात. पोट उघडून करताना हे टाळता येतं, गाठ खाली बांधून बंद करून मग सगळं एकसंध बाहेर काढता येतं. मॅडमनी हे ताईला सांगताना पिकलेल्या टोमॅटोचं उदाहरण दिलं, देठ धरून काढायचा, बोट घालून नाही. ताईला लगेच समजलं.

आणि आम्ही ज्याला भुललो होतो ते लवकर बरं होणं, त्याचं पण त्याच चाचणीवाल्यांनी नंतर मोजमाप केलं, तर सहा आठवड्यांनी दोन्ही गटातल्या बायकांना रोजच्या जगण्यात सारखंच वाटत होतं. पहिले काही दिवस सोपे जातात हे खरं, दुखतं कमी, घरी लवकर जाता येतं. पण तेवढ्यासाठी एवढी किंमत?

ताईनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मला अजून वीस वर्षं बाग बघायचीय, पोटावर रेघ आली तर येऊ दे." विषय संपला.

आता ऑफिस. महात्मा फुले जनआरोग्य योजनेत हे ऑपरेशन बसतं, कागदावर त्याला वर्थाइम म्हणतात, व्हिएन्नाच्या वर्थाइम नावाच्या सर्जननं १८९८ साली पहिल्यांदा केलं म्हणून. योजनेत बसतं पण आमचे चार दिवस गेले कारण रेशनकार्डावर ताईचं नाव माहेरच्या पद्धतीनं आणि आधारवर सासरच्या, आणि काउंटरवरचा माणूस एका वेळी एकच चूक सांगायचा. ती दुरुस्त करून आणली की दुसरी. दाजी तासगाव-मिरज तीनदा हेलपाटे मारून आले, बाहेर धो धो पाऊस, ऑगस्ट महिना, सांगलीत आम्ही रोज आयर्विन पुलाची पाण्याची पातळी बघून घरनं निघत होतो, २०१९ चा महापूर बघितलेल्या माणसाला त्या महिन्यात झोप नसतीच. शेवटी एका आरोग्यमित्र मुलानं स्वतः बसून सगळे कागद एकदम बघितले, ॲफिडेव्हिट कसं करायचं ते लिहून दिलं, दुसऱ्या दिवशी मंजुरी आली. हे काम त्यानं पहिल्या दिवशीच करायला हवं होतं असं नाही म्हणत मी, तो पहिल्या दिवशी तिथं नव्हताच. पण काउंटरवर पहिल्याच दिवशी कागदांची एक पूर्ण यादी द्यायला काय हरकत आहे? कॅन्सरच्या पेशंटचे चार दिवस असे जायला नकोत. एमआरआय आणि आधीच्या तपासण्यांचे पैसे खिशातनं गेले, ऑपरेशन, औषधं, वॉर्ड यातलं काही भरावं लागलं नाही.

ऑपरेशन जवळजवळ चार तास चाललं. पिशवी, तिचं तोंड, दोन्ही बाजूचा आधाराचा भाग, योनीचा वरचा थोडा भाग आणि ओटीपोटातल्या लसिका गाठी (लिम्फ नोड), एवढं सगळं काढलं, अंडाशय ठेवले. मॅडम मधेच एकदा टोपी-मास्कवरच बाहेर येऊन सांगून गेल्या की पसरलेलं दिसत नाही, पुढं करतेय. त्या दोन मिनिटांचे उपकार मी विसरणार नाही. एक बाटली रक्त लागलं. चीर बेंबीच्या खाली उभी, बाहेरनं स्टेपलरच्या पिना.

पहिले दोन दिवस दुखलं, ते सोपं होतं असं कुणी सांगितलं तर विश्वास ठेवू नका. पाठीत बारीक नळी घालून दुखणं कमी करायचं औषध चालू होतं त्यामुळं सहन झालं. दुसऱ्या दिवशी सकाळी सिस्टरांनी बसवलं, संध्याकाळी चार पावलं चालवलं, तीन गोळ्यांचं ते श्वास आत ओढायचं यंत्र दर तासाला, पायात गुठळी होऊ नये म्हणून पोटात इंजेक्शन. रात्रपाळीच्या एक सिस्टर कुपवाडच्या होत्या, त्या ताईला खोकताना पोटावर उशी कशी धरायची ते शिकवून गेल्या, आणि नंतर येऊन बघून पण गेल्या बरोबर धरतीय का. सातव्या दिवशी घरी सोडलं.

लघवीच्या नळीबद्दल जरा सविस्तर लिहिते, कारण त्याबद्दल आधी कुणी नीट सांगत नाही आणि आम्हाला सगळ्यात जास्त तेच जड गेलं. या ऑपरेशनमध्ये मूत्राशयाच्या नसा जवळनंच जातात, त्या दुखावतात, त्यामुळं काही दिवस लघवी झाल्याचं आणि पूर्ण रिकामी झाल्याचं कळत नाही. ताईला नळी आणि लघवीची पिशवी घेऊनच घरी पाठवलं. चौदाव्या दिवशी पिना काढल्या, नळी पण काढून बघितली, लघवी केल्यावर आत किती शिल्लक राहते ते मोजलं तर २०० मिली. परत नळी. ताई त्या दिवशी खचली, म्हणाली आता हे कायमचं. मॅडमच्या ज्युनिअर डॉक्टर मुलीनं तिचा हात धरून सांगितलं की निम्म्या बायका या दिवशी असंच म्हणतात आणि पुढच्या दोन-तीन आठवड्यात बहुतेकींचं सुरळीत होतं. पुढच्या आठवड्यात ३० मिली आली, नळी गेली. आता पण तिला भरल्याची जाणीव आधीसारखी होत नाही, ती घड्याळ बघून तीन तासांनी जाते. हॉस्पिटलनं एवढं केलं पण नळीची घरी काळजी कशी घ्यायची, पिशवी कमरेच्या खालीच का ठेवायची, कधी घाबरून यायचं, याचा मराठीत छापलेला एक कागद दिला नाही. आम्हाला सिस्टरांनी कार्डमागं पेननं लिहून दिलं. हा कागद छापायला अर्धा दिवस लागेल फार तर, माझी हात जोडून विनंती आहे.

तुकड्यांचा अंतिम रिपोर्ट सोळा दिवसांनी आला. ते सोळा दिवस मी वर्गात काय शिकवलं मला आठवत नाही. २२ लसिका गाठी, सगळ्या स्वच्छ, कडा स्वच्छ, शेक नको केमो नको. दाजी रिपोर्ट हातात घेऊन पार्किंगमध्ये गाडीवर बसून राहिले बराच वेळ, आम्ही कुणी हाक मारली नाही.

अजून एक गोष्ट, जी लिहू का नको असं दोनदा वाटलं. तीन महिन्यांच्या तपासणीला मॅडमनी मला बाहेर बसवलं आणि ताई-दाजी दोघांना आत बोलावलं, आणि संबंधांबद्दल सरळ भाषेत बोलल्या. योनी थोडी आखूड झालेली असते, सुरुवातीला दुखू शकतं, घाई करू नका, जेल वापरा, कॅन्सर लागत नाही. शेवटचं दाजींसाठी होतं. ताईनं मला नंतर सांगितलं की दाजी तीन महिने वेगळे झोपत होते ते तिला इजा होईल म्हणून, आणि तिला वाटत होतं आपली किळस आली. दहा मिनिटांचं बोलणं, दोघांच्या मनातलं निघून गेलं. डॉक्टरांनी हे आपणहून काढलं म्हणूनच झालं, या दोघांनी जन्मात विचारलं नसतं.

ऑक्टोबर छाटणीला ताईला तीन महिने वजन उचलायचं नाही असं सांगितलेलं होतं, ती बांधावर खुर्ची टाकून बसली आणि तिथनंच बायकांना सूचना देत राहिली. डाव्या पायाला संध्याकाळी थोडी सूज येते, लसिका गाठी काढल्यामुळं, त्यासाठी पट्टा आणि व्यायाम दिलाय.

हे सगळं वाचून काही जणींना वाटेल की आता दुर्बिणीचं कुठलंच ऑपरेशन करायचं नाही. तसं करू नका. आमच्या साताऱ्याच्या मामींचा अस्तराचा कॅन्सर होता, त्यांचं दुर्बिणीतनंच झालं आणि ते बरोबरच होतं, त्या आजाराचे अभ्यास वेगळे आहेत. आणि गाठ दोन सेंमीच्या आत, कमी धोक्याची असेल तर आता एवढं मोठं वर्थाइम न करता साधी पिशवी आणि लसिका गाठी काढून पण तितकंच चालतं असं २०२४ च्या एका चाचणीत आलंय, त्यात ७०० बायका होत्या. म्हणजे कुठला कॅन्सर, केवढी गाठ, कुठला टप्पा, यावर सगळं आहे. डॉक्टरांना एवढंच विचारा की माझ्या टप्प्याला उघडं आणि दुर्बीण दोन्हीचे निकाल काय आहेत, आणि तुम्ही दुर्बीण सुचवत असाल तर का. उत्तर टाळलं तर फाईल घ्या आणि दुसरीकडं दाखवा.

मला खरं दुःख वेगळंच आहे. आपल्याच राज्यात, उस्मानाबाद म्हणजे आताच्या धाराशिव जिल्ह्यात, १,३१,७४६ बायकांचा अभ्यास झाला होता, बार्शीचं कॅन्सर हॉस्पिटल आणि टाटा त्यात होते, २००९ साली छापून आला. ३० ते ५९ वयात आयुष्यात एकदा एचपीव्हीची (या कॅन्सरला कारण असलेल्या विषाणूची) तपासणी केली तर या कॅन्सरचे मृत्यू जवळजवळ निम्म्यावर येतात असं त्यात दिसलं. हे आपल्यापासनं दोन-अडीचशे किलोमीटरवर झालं, आणि त्यानंतर एवढी वर्षं गेली तरी माझ्या ताईला ४४ वर्षांची होईपर्यंत एकदाही कुणी तपासलं नाही, मी शिकलेली असून मी पण तिला नेलं नाही. ताई घरी आल्यावर मी स्वतः तपासून घेतलं, दोन्ही जावांना नेलं, आणि ताईच्या १३ वर्षांच्या पोरीला पुण्याच्या सीरमची एचपीव्हीवरची सर्व्हाव्हॅक लस दिली, दोन्ही डोस झाले.

जाणार असाल तर सकाळी आठच्या आत नंबर लावा, तुकड्याच्या रिपोर्टबरोबर त्याच्या काचपट्ट्या आणि ब्लॉक (मेणात बसवलेला तुकडा) पण मागून न्या नाहीतर परत फेरी पडते, एमआरआयची सीडी न्या, आधार-रेशनकार्डवरचं नाव घरीच जुळवून बघा. नातेवाइकांना झोपायला जागा नाही, चटई न्या, कॅन्टीनमध्ये आमटी-भात बरा मिळतो, बाकी घरनं डबा. लिफ्ट दुपारी पेशंटसाठीच ठेवतात, म्हातारी माणसं सोबत असतील तर सकाळीच वर न्या.

ताईची पुढची तपासणी फेब्रुवारीत नेमकी तोडणीच्या आठवड्यात येत होती. तिनं मॅडमना विचारून सहा दिवस पुढं घेतलीय, येताना त्या कुपवाडच्या सिस्टरांसाठी एक पेटी घेऊन जाणार आहे.